कटकट नावाची फाइल

ऑफिसात तिला सगळे 'तोफखाना' म्हणत. तोंडावर म्हणायची छाती कोणाची नव्हती, पण ते तिच्या कानावर आलं होतं आणि खरं सांगायचं तर तिला ते आवडलंही होतं. रागीट माणसं दोन जातीची असतात. एक राग गिळून आतल्या आत कुढत बसणारी, आणि दुसरी समोरच्याला धुऊन काढून पाच मिनिटांत चहा मागणारी. ती दुसऱ्या जातीची. बस थांब्यापासून दहा पावलं पुढे नेऊन उभी केली, तर ती चालकाला खाली उतरवून थांब्याची पाटी दाखवायची. दवाखान्यात रांग मोडून कोणाला आत सोडलं, तर डॉक्टरलाच बाहेर बोलावून सगळ्या रांगेसमोर जाब विचारायची. आणि तिचं म्हणणं बरोबरच असायचं, हीच तर पंचाईत होती. बरोबर असलेल्या माणसाला आवाज खाली आणायला कारणच सापडत नाही.

तिचं काम चित्रांचं, पण ती चित्रकार नव्हती. तिची कंपनी फर्निचरच्या दुकानांसाठी एक प्रोग्राम बनवायची. गिऱ्हाइकाच्या खोलीत कपाट कसं दिसेल, सोफा कुठे मावेल, हे तो पडद्यावर उभं करून दाखवायचा. आता पडद्यावरचं चित्र म्हणजे हजारो हुकूम असतात. इथे भिंत काढ, तिच्यावर हा रंग चढव, खिडकीतून उजेड आत येऊ दे, कपाटाची सावली जमिनीवर पाड. यातला एखादा हुकूम चुकला की कपाटाचं दार काळं ठिक्कर पडतं, नाहीतर सोफा अर्धा भिंतीच्या पलीकडे जातो. असं काही झालं की प्रोग्राम लिहिणारी पोरं मान खाली घालून तिच्या टेबलाशी येत. तिच्याकडे चित्रातला बिघाड शोधणारं सॉफ्टवेअर होतं, ग्राफिक्स डिबगर. पडद्यावरचं एक चित्र ते जागच्या जागी पकडतं आणि त्यामागचे सगळे हुकूम ओळीने पुढ्यात मांडतं. ती चष्मा कपाळावर सारायची, खुर्ची पुढे ओढायची आणि पोरांच्या अकलेचा उद्धार करत करत एकेक हुकूम तपासत जायची. मग पडद्यावर बोट टेकवायची आणि म्हणायची, "हा बघ. हा तुझा दिवटा."

या सॉफ्टवेअरचा सगळा जीव एका फाइलीत असतो. विंडोजमध्ये डीएलएल म्हणून फायली असतात. सगळ्या प्रोग्रामांना लागणारी कामं त्यांत भरून ठेवलेली असतात, ज्याला जे हवं ते त्याने येऊन मागायचं. चित्र काढायचं असलं की प्रोग्राम चित्रं काढणाऱ्या डीएलएलकडे जातो. डिबगरची डीएलएल या दोघांच्या मध्ये जाऊन बसते. प्रोग्रामला वाटतं आपण थेट विंडोजशीच बोलतोय, आणि ही मधली बया प्रत्येक हुकूम टिपून घेते, मगच पुढे सोडते. काम अगदी प्रामाणिक आहे. पद्धत मात्र चोराची, कारण ती दुसऱ्याच्या घरात न सांगता शिरते.

घरात तिघं. नवरा चष्म्याच्या दुकानात भिंगं घासून फ्रेममध्ये बसवायचा. त्याच्या वाट्याचं बोलणंही बायकोच बोलते, असं तो स्वतःच म्हणायचा. लेक एकुलती एक, एकोणीस वर्षांची, बापाच्या वळणावर गेलेली. आईने रस्त्यात कोणाला फैलावर घेतलं की ही मुकाट्याने पलीकडच्या फुटपाथवर जाऊन उभी राहायची आणि दुकानातल्या काचेत बघत बसायची. आईला त्याचाही राग यायचा. "मी काय स्वतःसाठी भांडते?" असं ती घरी येऊन विचारायची, आणि लेक म्हणायची, "मी कुठे काय म्हटलं?"

लेक मोकळेपणाने बोलायची ती फक्त खेळताना. पाच जणांचा संघ होता, पाच जण पाच कॉम्प्युटरवर, कानांवर हेडफोन. खेळात एक बंद पडलेला कारखाना असायचा आणि दोन संघ त्यात एकमेकांना हुडकत फिरायचे. ही कुठेतरी उंच छपरावर दबा धरून बसायची आणि बाकीच्यांना खबर द्यायची. "डावीकडे, जिन्याखाली, दोघं." एवढंच, आणि तेही भाजी चिरताना बोलावं इतक्या शांतपणे. दूरचं तिला सगळ्यांच्या आधी दिसायचं म्हणून संघात तिचं नाव 'घार' पडलं होतं. तीन वर्षं एकत्र खेळून त्यांचा संघ त्या वर्षी एका मोठ्या स्पर्धेच्या शेवटच्या फेरीत पोचला होता. सामना भरल्या सभागृहात, रंगमंचावर होणार होता. आई घरात "बटणं दाबून कोणाचं भलं झालंय" म्हणायची आणि ऑफिसात पहारेकऱ्यापासून साहेबापर्यंत सगळ्यांना "आमची घार" सांगत सुटायची.

मग ते कपाटाचं दार आलं. एका मोठ्या गिऱ्हाइकाच्या सगळ्या दुकानांत कपाटाची दारं काळी दिसायला लागली, आणि तेही फक्त एका ठरावीक ग्राफिक्स कार्डावर, म्हणजे मशीनमधल्या चित्रं काढणाऱ्या भागावर. ऑफिसात ते कार्ड असलेलं एकमेव मशीन होतं, ते जळून पडलेलं. साहेब म्हणाले, नवीन मागवलंय, येईल. गिऱ्हाईक म्हणालं, आम्ही दुसरीकडे जातो. घरी लेकीच्या मशीनमध्ये नेमकं तेच कार्ड होतं. ते मशीन तिने दोन उन्हाळे पोहायला शिकवायचं काम करून, एकेक भाग आणून स्वतः जोडलं होतं आणि बापालाही ती त्यावरची धूळ पुसू द्यायची नाही. आईने विचारलं, "रविवारी दुपारी देतेस का गं? माझी मान अडकलीय." लेकीने जरा विचार केला आणि खुर्ची मोकळी करून दिली. "नीट वापर हं," एवढंच म्हणाली.

काम चिवट निघालं. गिऱ्हाइकाचा प्रोग्राम थेट सुरू व्हायचा नाही. एक प्रोग्राम दुसऱ्याला उठवायचा, दुसरा तिसऱ्याला, आणि चित्र काढायचा तो तिसरा. त्याच्यात शिरायचं तर डिबगरची ती फाइल मशीनवर सुरू होणाऱ्या प्रत्येक प्रोग्राममध्ये आपोआप शिरेल अशी सोय करावी लागते. तशी सोय सॉफ्टवेअरमध्ये होती. पण ती चालू केली की धोक्याची लांबलचक सूचना यायची, आणि डिबगर बंद केला की सोयही आपोआप बंद व्हायची. दर वेळी ती सूचना, दर वेळी 'मान्य आहे' म्हणून चौकटीत ती खूण. तिसऱ्यांदा तेच झालं तेव्हा तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने डिबगरच्या फाइलीची स्वतःची एक छोटी आवृत्ती बनवली, ती कायमची चालू राहील असं विंडोजला सांगून ठेवलं आणि चिडूनच तिचं नाव ठेवलं 'कटकट.dll'. सूचना नाही, खूण नाही. संध्याकाळपर्यंत काळ्या दाराचा दिवटा सापडला. आनंदाच्या भरात तिने डिबगर काढून टाकला, गिऱ्हाइकाचा प्रोग्राम पुसला, कीबोर्डावरचे बिस्किटाचे कणही झटकले. कटकट तेवढी राहिली.

नंतरच्या आठवड्यात ती ऑफिसातून घरी येत होती. साहेबांशी वाजलं होतं. काळ्या दाराचं श्रेय त्यांनी बैठकीत स्वतःच्या खिशात घातलं होतं, आणि ती जिना चढतानाही त्यांच्याशी मनातल्या मनात भांडत होती. दुसऱ्या मजल्यावर लेक जिन्यात उभी दिसली. पायांत चपला नव्हत्या.

"आई, माझं खातं बंद केलं."

"कसलं खातं?"

"खेळाचं. कायमचं. बाहेरची फाइल घालून मी लबाडी केली म्हणतात."

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. असल्या खेळांत लबाडी करणारे नेमकं काय करतात हे या बाईला चांगलं ठाऊक होतं. तेही एक डीएलएल मध्ये घालतात, फक्त हुकूम टिपून घेण्याऐवजी बदलतात. भिंत आधी रंगवायची आणि तिच्यामागचा माणूस तिच्यावर रंगवायचा. एक हुकूम फिरवला की भिंत असून नसल्यासारखी. जेवताना एकदा तिनेच ही गंमत लेकीला मोठ्या रंगात येऊन समजावली होती, ताटलीमागे वाटी लपवून. ती जेवणाची वेळ तिला त्या क्षणी आठवली आणि पुढचा विचार करायला ती थांबली नाही.

"तरीच," ती म्हणाली. "तरीच तुला भिंतीमागचं दिसायचं."

लेक एक पायरी मागे सरकली.

"आणि मी गावभर सांगत फिरते आमची घार, आमची घार. मी शिकवलेलं माझ्याच तोंडाला काळं फासायला वापरलंस? उगाच कोणी कोणाचं खातं बंद करत नाही. माझ्या पोटी चोर जन्माला आली."

"मी काही केलं नाही, आई."

"चोर असंच म्हणतो."

तिचा आवाज असा की खालच्या मजल्यावरच्या शेजारणीने दार किलकिलं केलं, वरच्या मजल्यावरचा रेडिओ बंद झाला, आणि तळमजल्यावरचे पेन्शनर काका 'काय झालं' म्हणत कठड्याशी आले. लेकीने एकदा वर बघितलं, एकदा खाली बघितलं. मग ती तशीच अनवाणी घरात गेली आणि बापाच्या खुर्चीत जाऊन बसली. ती रडली नाही. तोफखान्याने त्याचाही उलटाच अर्थ काढला.

पुरावा हातात घेऊनच आता बोलायचं, असं ठरवून ती लेकीच्या खोलीत घुसली. झडती घ्यायला आलेल्या फौजदारासारखी तिने मशीन चालू केलं. चालू प्रोग्राममध्ये कोणकोणत्या डीएलएल बसल्या आहेत हे दाखवणारं हत्यार तिच्या पेन ड्राइव्हवर नेहमीच असायचं. खेळ आता उघडतच नव्हता, म्हणून सवयीने तिने आधी एक साधा प्रोग्राम उघडून बघितला, विंडोजचं गणकयंत्र. बेरीज-वजाबाकीच्या त्या बिचाऱ्या खिडकीत तरी काय सापडणार. पण ओळीत विंडोजच्या फायली संपल्या आणि त्यांच्याखाली एक परकी फाइल दिसली. "कोणत्या गाढवाने ही..." असं ती मोठ्यांदा म्हणाली आणि अर्ध्यात थांबली. नाव वाचलं होतं. कटकट.dll.

तिने घड्याळ उघडलं, त्यातही कटकट. गाणी लावायचा प्रोग्राम उघडला, त्यातही. तिने स्वतः सांगून ठेवलं होतं तसं ती इमानेइतबारे जिथे तिथे शिरून बसली होती. खेळातही बसली असणार. असल्या खेळांत लबाडी पकडायला एक पहारेकरी प्रोग्राम ठेवलेला असतो, त्याने हुकुमांच्या मध्ये बसलेली ती फाइल बघितली असणार आणि खातं बंद करून टाकलं असणार. लेक छपरावर बसून जे बघायची, ते ती आपल्या डोळ्यांनीच बघत होती.

जिन्यात आपण काय बोललो ते तिला आठवलं. पण पाठोपाठ राग आला आणि रागात तिला घरच्यासारखं वाटायचं. विंडोजचा राग आला, कोण कुठली फाइल शिरतेय हे जे विचारतही नाही. खेळाच्या पहारेकऱ्याचा आला, ज्याला लिहून घेणारा आणि खाडाखोड करणारा यांत फरक कळत नाही. ज्यांनी नवं कार्ड वेळेवर आणलं नाही त्या साहेबांचा आला. कटकट स्वतःच्या हाताने पुसताना तिने बटण इतक्या जोरात दाबलं की नवरा दारात येऊन उभा राहिला.

"सापडलं काही?"

"सापडलं. माझी फाइल होती."

त्याने एकदा बाहेरच्या खोलीकडे बघितलं. मग म्हणाला, "अगं, मग तिला सांग ना. बाहेर बसलीय ती."

"सांगते. आधी त्या लोकांना सरळ करते. खातं उघडून हातात देते, मग सांगते."

तिला खरंच तसं वाटत होतं. चूक झाली म्हणून नुसतं सांगणं हे तिच्या हिशेबी रिकाम्या हाताने जाण्यासारखं होतं. खेळाच्या कंपनीला तिने सविस्तर लिहिलं. कोणती फाइल, कशासाठी बनवली, कधी घातली, ती काय करते आणि काय करत नाही, सगळं. उत्तर लगेच आलं. आपली तक्रार मिळाली, आपल्या खात्यावरील कारवाई तपासली असून ती योग्य आहे, निर्णय अंतिम आहे, आपला मदतनीस. तिने पुन्हा लिहिलं, या खेपेस कडक भाषेत. तेच उत्तर आलं, एक अक्षर इकडचं तिकडे नाही. तिने फोन नंबर शोधून काढला तर त्यावर आधीच भरून ठेवलेला गोड आवाज होता. जन्मभर तिने खिडक्यांवर हात आपटले होते, साहेबांची दारं उघडली होती, माणसांना खाली उतरवलं होतं. इथे ना खिडकी होती, ना दार. मदतनीस म्हणून खाली सही करणारा माणूस होता की तेही एक मशीनच, हेसुद्धा कळायला मार्ग नव्हता. ती पडद्यावर ओरडायची आणि पडदा नम्रपणे तेच तेच उत्तर द्यायचा.

ऑफिसचं पत्र जोडलं तर कदाचित ऐकतील म्हणून ती साहेबांकडे गेली. साहेब म्हणाले, गिऱ्हाइकाचा प्रोग्राम घरच्या मशीनवर नेला होता हे मी लेखी कसं देऊ, मॅडम? तिने त्यांना त्यांच्याच केबिनमध्ये असं फाडलं की बाहेरच्या पोरांनी कीबोर्डवरचे हात उचलले. बैठकीत श्रेय घेताना मशीन कोणाच्या घरचं होतं ते आठवलं नाही का, असंही तिने विचारलं. साहेब लालबुंद झाले, पण पत्र काही त्यांनी दिलं नाही.

तिने लेकीला सांगितलं ते असं. सकाळी लेक उभ्या उभ्या चहा पीत होती. आई डबा भरता भरता म्हणाली, "सापडली ती फाइल. माझी होती, मागच्या रविवारची. पण तुझ्या त्या खेळवाल्यांना अक्कल म्हणून नाही. सगळ्या डीएलएल एकाच मापाने मोजतात. मी त्यांना सोडत नाहीये. आणि आमचा साहेब, त्याला तर मी काल असा घेतला..." मग साहेबांना कसा घेतला ते आलं, मदतनिसाला काय लिहिलं ते आलं, गोड आवाजाच्या बाईची नक्कलही झाली.

लेकीने सगळं ऐकून घेतलं. "झालं?" ती म्हणाली.

"झालं म्हणजे?"

"अजून काही बोलायचंय तुला?"

"बोलायचंय की. त्या लोकांना अजून..."

लेकीने कप विसळून ठेवला आणि ती कॉलेजला गेली. हिला माझी किंमतच नाही, असं तोफखान्याला वाटलं आणि ते तिने नवऱ्याला बोलूनही दाखवलं. नवरा चष्म्याची काच पुसत राहिला. एकच काच तो बराच वेळ पुसत होता.

इमारतीत बातमी कधीच पसरली होती. खालची शेजारीण लेकीला जिन्यात बघून आपल्या धाकट्याला आत ओढायची, जणू लबाडी साथीच्या रोगासारखी लागते. खेळणाऱ्यांच्या गप्पांच्या पानांवर 'घार भिंतीतून बघायची' असं कोणी कोणी लिहीत होतं, खाली हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग. लेकीने तिथे जाणं बंद केलं. आई मात्र रोज जाऊन वाचायची आणि अनोळखी माणसांना उत्तरं द्यायची. आई भांडायला आली म्हणून ते आणखी हसायचे.

शेवटी लेकच एकदा येऊन म्हणाली, "शनिवारी दुपारी संघ भेटणार आहे. माझं काय करायचं ते ठरवायला. तू ये आणि नेमकं काय झालं ते सांग. मी सांगितलं तर त्यांना पटत नाही."

"येते की. बघतेच एकेकाला."

"ओरडू नकोस, आई. फक्त सांग."

खेळायची जागा बाजारातल्या एका इमारतीच्या तळघरात होती. निळसर उजेड, मशीनच्या रांगा, हेडफोन लावून बसलेली मुलं, आणि शिळ्या हवेचा तो वास. कोपऱ्यात संघाचे चौघं बसले होते. एक दाढीवाला कप्तान, दोन जुळे भाऊ, आणि एक चष्मेवाली मुलगी, जी कित्येकदा त्यांच्या घरी राहायला आली होती आणि आज वर बघत नव्हती. कप्तानाने खुर्ची पुढे केली. "बोला काकू."

आणि काकू छान बोलल्या. आवाज न चढवता, ताटली आणि वाटी नव्हती म्हणून दोन हेडफोन आणि एक बाटली मांडून, त्यांनी चौघांना मधली फाइल म्हणजे काय ते समजावलं. "मी मध्ये बसून हुकूम टिपते. लबाड माणूस मध्ये बसून हुकूम बदलतो. दोघांची बसायची जागा एकच. पहारेकऱ्याने तिथे कोणीतरी बघितलं आणि चोर म्हणून बोंब ठोकली. कोण आहे, काय करतंय, विचारलंसुद्धा नाही." हे वाक्य झालं तेव्हा लेकीने मान वर करून आईकडे बघितलं. आईचं लक्ष कप्तानाकडे होतं.

कप्तान म्हणाला, "काकू, राग मानू नका. पण ज्याचं ज्याचं खातं बंद होतं त्याच्या घरचे काहीतरी सांगतातच. भाऊ खेळत होता, मित्राने घातलं. तुम्ही तर आई आहात. तुम्ही सांगणारच."

तोफखान्याने ओठ आवळले. तिने पर्समधून पेन ड्राइव्ह काढला आणि त्याच्यासमोर ठेवला. "ही घे ती फाइल. घरची पुसली, पण नक्कल माझ्याकडे असते. ही हुकूम बदलत नाही, भिंत हटवत नाही, तू तपासून घे. घाल तुझ्या मशीनमध्ये आणि खेळ. तुझंही खातं बंद होईल. मग तरी पटेल?"

कप्तानाने पेन ड्राइव्हकडे बघितलं. हात पुढे केला नाही. जुळ्यांपैकी एकाने आपली खुर्ची नकळत मागे घेतली. चष्मेवालीने स्वतःच्या मशीनवर हात ठेवला, कोणी हिसकावून घेणार असल्यासारखा.

"घाल की," आई कप्तानाला म्हणाली. "माझी मुलगी चोर असेल आणि ही फाइल निरुपद्रवी असेल, तर तुला काहीच होणार नाही. कशाला भितोस?"

दुसऱ्या जुळ्यानेही खुर्ची मागे घेतली.

"म्हणजे पटलंय तुम्हाला."

"पटण्याचा प्रश्न नाहीये, काकू," कप्तान म्हणाला. त्याचे कान लाल झाले होते. "खातं तर उघडत नाही ना? सामना तोंडावर आलाय. आम्ही दुसरी मुलगी घेतलीय. आता आम्हीच म्हणालो की हिने काही केलं नव्हतं, तर आमचीही चौकशी लावतील, सगळा संघच बाद होईल. तिने लबाडी केली, आम्ही तिला काढलं, असं असलं की विषय संपतो."

मग मात्र तोफ सुटली. "विषय संपतो?" तिचा आवाज असा उठला की मागच्या रांगेतल्यांनी हेडफोन काढले. "तुमचा विषय संपावा म्हणून माझी मुलगी जन्मभर चोर? तुम्हाला पहिल्यापासून माहीत होतं ना? तीन वर्षं तिच्या डोळ्यांवर विसंबून खेळलात. ती सांगेल तिकडे वळलात, ती थांब म्हणाली की थांबलात. आणि तू," ती चष्मेवालीकडे वळली, "तू माझ्या घरी जेवलीस, तिच्या गादीवर झोपलीस. तुमच्यातल्या एकाला तरी वाटलं नाही का, की चोर म्हणण्याआधी तिला एकदा विचारावं? एकदा? कसली माणसं आहात तुम्ही?"

चष्मेवाली रडायला लागली. कप्तान जमिनीकडे बघत होता. तिचं म्हणणं नेहमीसारखंच बरोबर होतं, आणि आता यांच्यातलं कोणी सुटत नाही असं तिला वाटलं.

"तू विचारलंस?" लेक म्हणाली.

आई वळली.

"हे लोक मला तीन वर्षं ओळखतात. तू एकोणीस. तू विचारलंस मला?"

  मी तुझ्यासाठी किती भांडले, असं आई म्हणणार होती. ते तोंडापर्यंत आलं आणि किती खोटं आहे ते तिथेच कळलं. सगळ्यांशी भांडली होती ती. एक वाक्य तेवढं राहिलं होतं, आणि ते म्हणायला लागू नये म्हणूनच एवढं सगळं भांडण होतं.

"चुकले मी," ती पुटपुटली.

"ऐकू नाही आलं."

"अगं, सगळ्यांदेखत काय..."

"जिन्यात सगळी इमारत ऐकत होती," लेक म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "वरचे, खालचे, पेन्शनर काका, सगळे. मी अनवाणी उभी होते. तेवढ्या मोठ्यांदा म्हण."

 बसचालकांना खाली उतरवणारा, डॉक्टरांना बाहेर आणणारा तो आवाज तोफखान्याने कधी स्वतःविरुद्ध वापरला नव्हता. तिने टेबलाची कड धरली.

"फाइल मी घातली होती," ती म्हणाली. पहिले शब्द फाटके आले, मग आवाज सापडला. "माझ्या मुलीने चोरी केली नाही. मी तिला न विचारता चोर म्हणाले. तिला भिंतीमागचं दिसत नाही, तिची नजरच तशी आहे, आणि मला ते माहीत होतं. चुकले मी."

शेवटच्या रांगेपर्यंत सगळे वळून बघत होते. कोणीतरी अर्धवट खेळ थांबवला होता. कप्तान उठून काहीतरी बोलायला गेला, लेकीने त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही. तिने खुंटीवरचे स्वतःचे हेडफोन काढले, वायर नीट गुंडाळली, पिशवीत ठेवले आणि ती दाराकडे निघाली. आई पेन ड्राइव्ह उचलून तिच्या मागे गेली.

रस्त्यावर ऊन होतं. लेक दोन पावलं पुढे चालत होती.

"संपलं का आता?" आईने विचारलं.

"नाही," लेक मागे न वळता म्हणाली. "जिना राहिलाय."